कमिटीसाठी हाडूक

बाईंच्या एडिटिंगच्या खोलीत तीन खुर्च्या होत्या आणि त्यांतली एक कुरकुरायची. कामाला लागल्यावर पहिल्याच आठवड्यात मी घरून शिवणयंत्राचं तेल नेलं. म्हटलं, दोन थेंब सोडू, डोक्याचा ताप जाईल. बाईंनी माझं मनगट धरलं. चांगलं घट्ट धरलं.

"हात लावू नका. या खोलीत खरं बोलणारी ती एकटीच आहे."

मला वाटलं, झालं, म्हातारी कामातून गेलेली दिसते. मग हळूहळू कळलं. ती खुर्ची पाहुण्यांची होती. दिग्दर्शक असो, निर्माता असो, चॅनेलची माणसं असोत, चित्रपट बघायला जो येईल त्याला बाई आग्रहाने तिच्यावर बसवायच्या. माणूस तोंडाने 'वुंडरबार, वुंडरबार', म्हणजे अप्रतिम, अप्रतिम, करत असतो, पण कंटाळला की बूड हलवतो. बूड हललं की खुर्ची कुरकुरायची. बाईंचे डोळे पडद्यावर आणि कान खुर्चीवर. पाहुणा गेला की नेमक्या तेवढ्या जागा आम्ही पुन्हा उघडून बसायचो.

हे सगळं म्युनिकचं, दोन हजार सालानंतरच्या पहिल्या काही वर्षांतलं. मी मूळची इचलकरंजीची. पुण्यात जाहिरातींचं एडिटिंग करायचे. लग्न झालं, नवऱ्याच्या सॉफ्टवेअरच्या नोकरीमागे म्युनिकला आले आणि घरात बसून बसून वेड लागायची पाळी आली. अशात एका मागच्या अंगणातल्या छोट्या स्टुडिओत कॉम्प्युटर चालवणारं माणूस हवंय असं कळलं. गेले, तर समोर या बाई. सत्तरीला टेकलेल्या, बुटक्या, अंगात गिरणीकामगार घालतात तसला निळा झगा, आणि टेबलावर काकडीच्या लोणच्याची बरणी. काकड्या संपल्या की उरलेलं खारं पाणी त्या कपात ओतून प्यायच्या. मला पण द्यायच्या. मी एकदा आईने पाठवलेलं लिंबाचं लोणचं नेलं, तर एक फोड तोंडात टाकून म्हणाल्या, "अस्सं, तुमच्याकडे पण थंडी असते तर."

त्यांच्याकडे लोणचं हिवाळ्याच्या बेगमीला घालतात. आमच्याकडे थंडी कसली, डोंबल. पण मी वाद घातला नाही.

बाई पोलंडच्या. वूच नावाचं शहर आहे तिकडे, कापडगिरण्यांचं, म्हणजे आमच्या इचलकरंजीचीच थोरली बहीण. तिथल्या सरकारी स्टुडिओत त्यांनी उमेदीची सगळी वर्षं चित्रपट कापले. तिकडे हे काम बहुतेक बायकाच करायच्या. आईने गिरणीत सूत धरलं, मुलीने स्टुडिओत फिल्म धरली, एवढाच काय तो फरक, असं त्या म्हणायच्या. मग एक्याऐंशी साली पोलंडात लष्करी कायदा लागला, रस्त्यावर रणगाडे आले, त्या हिवाळ्यानंतर त्या नवऱ्याबरोबर जर्मनीत निघून आल्या. नवरा लवकरच गेला. मूलबाळ नव्हतं.

कॉम्प्युटरला त्यांनी कधी बोट लावलं नाही. हातात पेन्सिल असायची. पडद्यावर चित्र चालू, आणि कापायची जागा आली की पेन्सिल टेबलावर. टक. मी बटण दाबायचं. माझं लक्ष जरा जरी भाड्याकडे किंवा लेकीच्या किंडरगार्टनकडे गेलं, तरी त्यांना मागे न बघताही कळायचं. "आज तुम्ही घरी आहात. या परत, मी थांबते." आणि खरंच हाताची घडी घालून थांबायच्या. मला असा राग यायचा.

दिग्दर्शक लोकांचे तर हाल विचारू नका. एखादा म्हणायचा, हा शॉट नका काढू, आम्ही बर्फात पहाटेपासून उभे होतो यासाठी. बाई म्हणायच्या, "तुम्हाला किती थंडी वाजली ते पडद्यावर दिसत नाही." टक. शॉट गेला.

आपण कापलेला चित्रपट त्या थिएटरात कधीच बघत नसत. बोलावणं यायचं, फुलं यायची, पण बाई बाहेर कोट टांगायच्या जागी उभ्या. मी विचारलं, का हो असं? म्हणाल्या, "लोकांना जे आहे ते दिसतं. मला जे काढलं ते पण दिसतं. एका वेळी दोन चित्रपट, डोकं उठतं माझं."

आता हाडकाचं सांगते, कारण बाई म्हटलं की मला तेच आठवतं.

पोलंडात, कम्युनिस्टांच्या राज्यात, चित्रपट पुरा झाला की सरकारी कमिटी बसायची. सगळे कोटातले, सगळे घाबरलेले. बाईंचं म्हणणं असं, की कमिटीतल्या माणसाला चित्रपट आवडतो की नाही हा प्रश्नच नसतो. त्याला वरच्यांना सांगता आलं पाहिजे की आज मी अमुक काढायला लावलं. मग त्याला काढायला काहीतरी आपणच द्यावं. बाई चित्रपटात मुद्दाम एक नको ती जागा घालायच्या, सगळ्यांच्या डोळ्यांवर येईल अशी. तिला त्या हाडूक म्हणायच्या. एकदा म्हणे मंत्र्याच्या भाषणावर त्यांनी चर्चची घंटा घातली. कमिटी त्या घंटेवर जेवणाची वेळ टळेपर्यंत भांडली. घंटा काढली, हात झटकले, जेवायला गेली. आणि खाटकाच्या रिकाम्या दुकानापुढची बायकांची रांग, जिच्यासाठी हा सगळा खटाटोप, ती चित्रपटात तशीच राहिली.

"पण हाडकासाठी भांडावं लागतं," बाई मला शिकवायच्या. "रडावं लागतं. आणि मग नीट हरावं लागतं. लगेच हरलात तर संशय येतो."

मी हसायचे. म्हटलं, बाई, आता कुठली कमिटी? हे जर्मनी आहे. त्या म्हणायच्या, "ज्याच्या हातात 'काढा' म्हणायचं असतं, त्याला कमिटीच म्हणतात."

चॅनेलसाठी एक माहितीपट आमच्याकडे आला तो त्याच सुमारास. दिग्दर्शक तिशीतला, कायझर्सलाउटर्नकडचा, स्वभावाने गाय, पहिलाच मोठा चित्रपट. विषय होता जर्मन घरांत राहून म्हाताऱ्या माणसांना सांभाळणाऱ्या पोलिश बायका. तेव्हा त्यांना इथे कामाचा परवाना मिळणं मुश्कील होतं. घरोघर राहायच्या, रात्रंदिवस करायच्या, आणि सगळं चोरून. सापडल्या तर काम गेलं, वर जर्मनीत पुन्हा पाऊल ठेवायची बंदी.

त्यांतली एक हालिना. पन्नाशीची, स्टुटगार्टजवळच्या एका डोंगरावरच्या गावात एका आजींना सांभाळायची. त्या पैशावर तिकडे तिची आई आणि शिकणारी दोन मुलं. आजींच्या घरातल्यांनी आणि तिने शूटिंगला होकार दिला तो एकाच अटीवर, की तिचा चेहरा दिसणार नाही आणि गावाचं नाव येणार नाही. दिग्दर्शकाने तसा शब्द दिला होता. सगळं चित्रण पाठमोरं, हातांचं, पायांचं. फक्त एकदा, स्वयंपाकघरात, कॅमेरा चालू आहे हे विसरून ती वळली आणि हसत हसत आपलं नाव, गाव, गल्ली, सगळं बोलून गेली.

आणि दुसरी एक जागा होती. त्या आजींना काही आठवत नसे. एका दुपारी त्यांना हालिना आपली लहान मुलगी वाटली. त्यांनी तिला पुढ्यात बसवलं आणि तिचे केस विंचरायला घेतले. कॅमेरा मागून. एक शब्द नाही, गुंता सोडवायचा, कंगवा फिरवायचा, पुन्हा सोडवायचा. मध्येच हालिनाची मान जरा पुढे झुकते, खांदे उतरतात, आणि किती दमलेली आहे ही बाई ते आपल्याला तेव्हा कळतं. बाईंनी ते पहिल्यांदा पाहिलं तेव्हा त्या उभ्या राहिल्या. पेन्सिल वाजलीच नाही. म्हणाल्या, "हे सगळं ठेवायचं. आहे तेवढं."

मी म्हटलं, बाई, टीव्हीवाले एवढं लांब ठेवू देतील?

"नाही देणार," त्या म्हणाल्या. "म्हणून हाडूक लागेल."

आणि त्यांनी काय घातलं हाडूक म्हणून? हालिनाचा वळलेला चेहरा. केस विंचरण्याच्या बरोब्बर आधी.

मी सरळ म्हटलं, हे नको. दिग्दर्शक तर पांढराफटक पडला. बाई शांत. "अहो, कोणीही शहाणा माणूस हे ठेवणार नाही. बघताच चॅनेलची बाई घाबरेल, काढा म्हणेल. मी भांडेन, हरेन. तुम्ही दोघं गप्प बसा." दिग्दर्शकाने मान हलवली. बाईंपुढे कोण बोलणार?

ठरलेल्या दुपारी चॅनेलची जबाबदार बाई आली. तिला आपण मॅडम म्हणू. चाळिशीतली, आखूड केस, बोलायला गोड, येताना केक घेऊन आलेली. चॅनेलतर्फे चित्रपट बघून मंजूर करणं, ज्याला तिकडे आबनामे म्हणतात, ते तिचं काम. बाईंनी तिला कुरकुरत्या खुर्चीवर बसवलं. मी दिवा मालवला.

हालिनाचा चेहरा आला. खुर्ची चूप. मॅडम पुढे वाकली असावी, श्वास सुद्धा ऐकू येत नव्हता. मग केस विंचरणं सुरू झालं. थोड्या वेळाने खुर्ची कुरकुरली. पुन्हा एकदा कुरकुरली. बाईंनी अंधारात माझ्याकडे पाहिलं. दोघींनाही कळलं की हाडूक घातलं ते बरं केलं.

दिवा लागला. मॅडमचे डोळे ओले होते. म्हणाली, "तो चेहरा. ती वळते तो क्षण. हा तुमच्या चित्रपटाचा प्राण आहे. किती धीराची बाई. तिची परवानगी आहेच ना?"

आणि आमचा दिग्दर्शक, गप्प बसायला सांगितलेला, पहिल्या चित्रपटाच्या कौतुकाने गरगरलेला, म्हणाला, "हो, हो. अगदी."

मी बाईंकडे पाहिलं. त्या भांडायच्या तयारीने पुढे सरकून बसल्या होत्या, आणि भांडायला समोर कोणीच नव्हतं. मॅडमने एकही सूचना केली नाही. जसाच्या तसा मंजूर. हात मिळवून, केक तिथेच ठेवून निघून गेली.

आबनामे झालं की एक फ्रेम हलवायची तरी चॅनेलला विचारावं लागतं. बाईंनी दुसऱ्या दिवशी फोन केला, म्हणाल्या त्या शॉटचा फोकस गेलाय, काढते. मॅडम म्हणाली, आमचे तंत्रज्ञ बघतील, काळजी करू नका, आणि हो, जाहिरातीत आपण तोच चेहरा वापरतोय, पुढच्या आठवड्यापासून. मी म्हटलं चेहरा धूसर करायचं विचारू. बाई म्हणाल्या, "धूसर केलेला चेहरा गुन्हेगाराचा असतो. आणि गल्लीचं नाव ती बोलतेय, त्याचं काय?" दिग्दर्शकाने फोन उचलणं बंद केलं. मग त्याचं मन त्याला खायला लागलं असावं, कारण त्याने जाऊन सगळं हालिनाला सांगून टाकलं.

तिचा फोन स्टुडिओत आला तेव्हा मी समोर होते. बोलणं पोलिशमध्ये. मला एक अक्षर कळत नव्हतं, पण बाईंचा आवाज इतका लहान झालेला मी कधी ऐकला नव्हता. फोन ठेवल्यावर मी विचारलं, रडत होती का?

"नाही. बॅग भरू का, एवढंच विचारत होती."

त्या दिवशी मी बाईंना बोलले. मनात होतं ते सगळं बोलले. म्हटलं, तिकडे तुम्ही घंटा घातलीत, घंटेला पोरंबाळं नव्हती. इथे माणूस घातलंत. तुमच्या त्या कमिट्या मेल्या, आणि तुम्ही अजून त्यांच्याशी खेळताय, दुसऱ्याच्या जिवावर. माझा आवाज चढला होता, जर्मन व्याकरणाचा पार चुथडा झाला होता. बाईंनी सगळं ऐकून घेतलं. झगा काढला, खुंटीला लावला, कोट घातला. "चला," म्हणाल्या. "माझ्याबरोबर या. मला एकटीला खरं बोलायची सवय नाही."

एस-बानमध्ये, म्हणजे तिकडच्या लोकलमध्ये, आम्ही समोरासमोर बसलो. त्या गुडघ्यांवर हात ठेवून बाहेर बघत होत्या. मला वाटलं, आत्ता उतरतील पुढच्या स्टेशनवर. उतरल्या नाहीत.

चॅनेलच्या ऑफिसात मॅडमने आम्हाला कॉफी दिली. बाईंनी कपाला हात न लावता सांगायला सुरुवात केली. हाडूक म्हणजे काय, का घातलं, दिग्दर्शक खोटं का बोलला, हालिनाचं काय होईल. काही लपवलं नाही. मॅडमचा चेहरा आधी गोंधळला, मग लाल झाला.

"म्हणजे तुम्ही मला सेन्सॉर समजलात."

"हो," बाई म्हणाल्या.

"मी तुमच्या बाजूची आहे. हा चित्रपट व्हावा म्हणून मी वर्षभर वरच्यांशी भांडतेय. आणि तुम्ही माझ्यापुढे कुत्र्यापुढे टाकावं तसं..." ती उठून खिडकीशी गेली. मला वाटलं, आता ही म्हणणार, चित्रपटच रद्द. किंवा म्हणणार, चेहरा राहील, परवानगी आहे असं तुमचाच दिग्दर्शक साक्षीदारांसमोर बोललाय. मग ती तशीच पाठमोरी म्हणाली, "तो शॉट काढा. जाहिरात मी आज थांबवते. त्या बाईला कळवा."

माझा जीव भांड्यात पडला. मी उठायला लागले. तेवढ्यात मॅडम वळली.

"एक सांगा. हे हाडूक होतं, तर तुम्ही वाचवत काय होतात?"

मी बाईंकडे पाहिलं. मला त्यांची रीत ठाऊक होती. त्या क्षणी त्या दुसरं काहीही सांगू शकल्या असत्या. चित्रपटात रस्त्याचं एक लांबलचक दृश्य होतं, ते गेलं असतं तरी कोणाला दुःख नव्हतं. नवं हाडूक टाकायला एवढी बरी जागा शोधून मिळाली नसती. मी मनातल्या मनात म्हणत होते, बाई, रस्ता म्हणा, रस्ता.

बाई म्हणाल्या, "केस विंचरणं."

"अच्छा," मॅडम म्हणाली. खरंच तिला काहीतरी आठवल्यासारखं झालं. "ते मला त्या दिवशी लांब वाटलं होतं. पण त्या चेहऱ्यानंतर माझ्या डोक्यातून निघूनच गेलं. बरं झालं आठवण केलीत. निम्मं करा." रागाने नव्हती बोलत. तिला मनापासून तसंच वाटत होतं, आणि ते मला जास्त लागलं. बाईंनी मान हलवली. भांडल्या नाहीत, रडल्या नाहीत.

परत आल्यावर त्यांनी झगा घातला आणि माझ्याकडे हात पुढे केला. मला आधी कळेना काय हवंय. माउस हवा होता. मी उठून त्यांना जागा दिली. त्यांना धड धरताही येत नव्हता, बाण पडद्यावर भलतीकडेच पळत होता. मी म्हटलं, मी करते ना. म्हणाल्या, नको. हालिनाचा चेहरा आधी काढला, मग केसांकडे वळल्या. कंगवा सुरुवातीला फिरतो ते ठेवलं आणि शेवटचं ठेवलं. खांदे उतरायला लागतात ते मध्ये होतं, ते गेलं. मी खिडकीतून अंगणातल्या सायकली बघत बसले, कारण मला रडू येत होतं आणि त्यांच्यापुढे रडायचं नव्हतं.

चित्रपट दाखवला गेला. बऱ्यापैकी कौतुक झालं. त्यानंतर दोन-तीन दिवसांनी हालिनाचा फोन आला. बाईंनी स्पीकर लावला आणि तिला म्हणाल्या, जर्मनमध्ये बोल, माझी सहकारी पण ऐकतेय. हालिनाचं जर्मन माझ्याइतकंच मोडकं.

ती म्हणाली, सगळ्यांनी एकत्र बघितला, आजींना पण समोर बसवलं होतं, त्यांना काही कळलं नाही. घरचे खूश आहेत. शेजारणीने पण बघितला आणि दुसऱ्या दिवशी कुंपणावरून म्हणाली, कुठे कुठे असतात ना अशा बायका. हालिना हसली, आम्ही पण हसलो. पगार चालू आहे म्हणाली, धाकट्याची परीक्षा आहे म्हणाली.

"एक विचारू का? ते केसांचं एवढंसंच ठेवलंत. त्या दिवशी त्या किती वेळ विंचरत होत्या हो. मला वाटलं होतं, ते सगळं असेल. आता त्या मला जवळ येऊ देत नाहीत, ओरडतात. ते एकदा पुरतं बघायचं होतं."

मी बाईंकडे बघत होते. सांगा की तिला, मला ओरडावंसं वाटत होतं. सांगा, काय देऊन तिला सोडवलंत ते.

"मीच कापलं," बाई म्हणाल्या. "लांब होत होतं."

"असेल," हालिना म्हणाली. "तुम्हाला त्यातलं कळतं."